मूनलाइट ग्रॅहमची उरलेली वर्षं

तर गेल्या दिवाळीत दादाचं आणि माझं भांडण झालं. भांडण म्हणजे आमच्या घरातलं भांडण, आवाज कुणाचाच चढत नाही, फक्त एक जण बोलायचा थांबतो. या वेळी दादा थांबला.

आमच्या नातेवाइकांना ती गोष्ट पाठ आहे, पण इतर वाचकांसाठी सांगतो. १९७६ साली दादाला कांगा लीगमध्ये त्याच्या क्लबाच्या 'ए' डिव्हिजनच्या संघात एका रविवारी घेतलं. कुणाचं तरी बोट मोडलं होतं. दादा सातव्या नंबरावर, पॅड बांधून बसलेला. पाऊस आला, मैदानाचं तळं झालं, मॅच तिथेच संपली. पुढच्या रविवारी बोटवाला परत आला. "त्या दिवशी बॅट माळ्यावर टाकली ती टाकलीच," हे दादाचं ठरलेलं शेवटचं वाक्य. लग्नामुंजीत ते मी किमान वीस वेळा ऐकलं असेल.

या दिवाळीत पुतण्यांसमोर दादा त्या वाक्यापर्यंत आला आणि मी सहज बोलून गेलो, "पण दादा, तू त्यानंतर सहा वर्षं खेळलास की! मी तुझी किट घेऊन यायचो." वहिनी हसल्या. दादा हसला नाही. म्हणाला, "ते काय खेळणं होतं? एफ डिव्हिजन!" आणि चकलीची बशी पुढे सरकवली. दिवसभर पुन्हा काही बोलला नाही.

हे सगळं आज लिहायचं कारण एक बेसबॉल खेळाडू. दादा, हे तू वाचशीलच. रागावण्याआधी शेवटपर्यंत वाच.

आर्चिबाल्ड राइट ग्रॅहम हे नाव अमेरिकेतही फारसं कुणाला ठाऊक नसतं, पण 'मूनलाइट ग्रॅहम' म्हटलं की बऱ्याच जणांचे डोळे चमकतात. १९८९ च्या 'फिल्ड ऑफ ड्रीम्स' या सिनेमात बर्ट लँकेस्टरने तो म्हातारा डॉक्टर केलाय, मोठ्या पडद्यावरची त्याची शेवटची भूमिका. आयुष्यात एकदाच मोठ्या संघाकडून मैदानात उतरला आणि बॅटिंग न मिळताच परतला, असा हा माणूस. मी तो सिनेमा लेकीकडे मिनिआपोलिसला असताना पाहिला आणि (सांगायला लाज कशाला) रडलो. लेक म्हणाली, "बाबा, हा माणूस खरा होता. गाव इथून चार तासांवर आहे." आम्ही गेलो. पण गावाकडे नंतर येतो.

आधी तो एक सामना. २९ जून १९०५. न्यूयॉर्क जायंट्स विरुद्ध ब्रुकलिन सुपर्बाज, ब्रुकलिनचं वॉशिंग्टन पार्क मैदान. जायंट्सचा मॅनेजर जॉन मॅग्रॉ, महा कडक माणूस. आठव्या इनिंगपर्यंत सामना पार एकतर्फी झाला होता (शेवटी ११-१ असा सुटला). तेव्हा मॅग्रॉने राइट फिल्डमधल्या जॉर्ज ब्राउनला बसवलं आणि एक महिन्याहून जास्त काळ बाकावर बसून असलेल्या ग्रॅहमला पाठवलं. राइट फिल्ड म्हणजे आपल्या डीप स्क्वेअर लेग ते मिडविकेटच्या सीमारेषेची उलटी बाजू समजा, आउटफिल्डमधला एक कोपरा. त्याच्याकडे चेंडू आलाच नाही. नवव्या इनिंगला जायंट्स बॅटिंगला आले. दोन बाद. बॅटिंगला पिचर क्लॉड एलियट, आणि त्याच्यानंतरचा नंबर ग्रॅहमचा. बेसबॉलमध्ये पुढचा बॅटर तंबूत बसत नाही, मैदानाच्या कडेला एका वर्तुळात बॅट घेऊन उभा राहतो. ग्रॅहम तिथे उभा होता. एलियटने चेंडू उंच उडवला, झेल गेला, इनिंग संपली. ग्रॅहम पुन्हा राइट फिल्डला जाऊन उभा राहिला. पुन्हा चेंडू आला नाही. संपलं.

म्हणून रेकॉर्डच्या जाड पुस्तकात त्याची ओळ अशी : सामने १, बॅटिंग ०. पुढे सगळी रिकामी जागा.

डब्ल्यू. पी. किन्सेला या कॅनडातल्या लेखकाला 'बेसबॉल एन्सायक्लोपीडिया' चाळताना ही ओळ दिसली. त्याला आधी नावाचीच भुरळ पडली, मग त्या शून्याची. तो स्वतः ग्रॅहमच्या गावी जाऊन लोकांशी बोलला आणि १९८२ च्या 'शूलेस जो' या कादंबरीत त्याने या माणसाला घातलं. त्यावरून सिनेमा आला.

सिनेमाने सोयीसाठी बरेच बदल केले. १९०५ चा सामना १९२२ मध्ये नेला आणि तो मोसमाचा शेवटचा दिवस केला. ग्रॅहमचा मृत्यू १९६५ मधला, तो १९७२ मध्ये ढकलला. यात माझी तक्रार नाही, सिनेमावाल्यांना कथा गुंफायची असते. तक्रार वेगळ्या ठिकाणी आहे. सिनेमातला डॉक्टर सांगतो की त्या सामन्यानंतर पुन्हा मायनर लीगमध्ये पाठवणार म्हणून कळलं, आणखी एक वर्ष तसलं काढणं सोसवलं नसतं, म्हणून खेळ सोडला आणि डॉक्टर झालो.

खऱ्या ग्रॅहमने असं काहीच केलं नाही. तो गेला मायनर लीगमध्ये. आणि तीन वर्षं, १९०८ पर्यंत, खेळत राहिला.

बॅट माळ्यावर टाकली ती टाकलीच! सिनेमा दुसऱ्यांदा पाहताना हे ऐकून मी सोफ्यावरून उठलोच.

आता मायनर लीग म्हणजे काय ते थोडं सांगायला हवं, कारण मलाही नीट ठाऊक नव्हतं. आज त्या लीगमधला जवळजवळ प्रत्येक संघ कुठल्या ना कुठल्या मोठ्या संघाला बांधलेला असतो, नर्सरीतल्या वाफ्यासारखा. ग्रॅहमच्या काळी तसं नव्हतं. ती पद्धत ब्रँच रिकी नावाच्या माणसाने १९२० नंतर बसवली. त्याआधी गावोगावचे संघ स्वतंत्र होते. मालक गावातलाच कुणी धंदेवाईक, गल्ला तिकिटांवर आणि चांगला खेळाडू वर विकण्यावर. १९०१ मध्ये शिकागोत या छोट्या लीगांनी एकत्र येऊन आपली संघटना केली, कारण मोठ्या लीगा त्यांचे खेळाडू बिनदिक्कत पळवत होत्या. म्हणजे ग्रॅहमने धंदेवाईक बेसबॉल सुरू केलं तेव्हा ही व्यवस्था जेमतेम एका वर्षाची होती.

आणि ही गावं कुठली? ग्रॅहमची यादी पाहा. जन्म नॉर्थ कॅरोलायनातल्या फेयेटव्हिलचा, १८७७ चा. शिक्षण तिथल्याच विद्यापीठात. १९०२ मध्ये शार्लटचा संघ. मग न्यू इंग्लंड लीग, म्हणजे नॅशुआ आणि मँचेस्टर, न्यू हँपशरमधली कापडगिरण्यांची गावं. शेवटी पेनसिल्व्हेनियातलं स्क्रँटन, कोळशाच्या खाणींचं शहर. गिरणी सुटली, पाळी संपली की माणसं ट्रॉलीतून मैदानावर यायची. वाचताना मला सारखं लालबाग-परळ आठवत होतं. तेव्हा टीव्ही नाही, रेडिओ नाही. मोठ्या लीगच्या सोळा संघांतला एकही सेंट लुइसच्या पश्चिमेला किंवा दक्षिणेला नव्हता. बहुतेक अमेरिकनांनी मॅग्रॉचे जायंट्स फक्त वर्तमानपत्रात वाचले. डोळ्यांनी पाहिलं ते बेसबॉल म्हणजे हेच, स्क्रँटनचं. त्यांच्या दृष्टीने ते 'मायनर' नव्हतं, तेवढंच होतं.

१९०६ मध्ये स्क्रँटनकडून ग्रॅहमची बॅटिंग सरासरी .३३६ होती, न्यूयॉर्क स्टेट लीगमध्ये सगळ्यांत वरची. क्रिकेटवाल्यांसाठी : बेसबॉलमध्ये दहापैकी तीन वेळा यशस्वी होणारा चांगला समजला जातो, म्हणजे हजारात ३३६ हा आकडा भारीच. म्हणजे हा कुणी बापडा, कसाबसा एक दिवस मोठ्यांत घुसलेला माणूस नव्हता. पायाने चपळ, आउटफिल्डला पक्का, बॅट चालणारा असा आउटफिल्डर होता. मग जायंट्सकडे जागा का नाही? तर १९०५ च्या जायंट्सनी १०५ सामने जिंकले आणि वर्ल्ड सीरिजही घेतली. त्यांच्या आउटफिल्डला .३५६ सरासरीचा माइक डॉनलिन होता, सॅम मर्टिझ होता, ब्राउन होता. कुणी डावललं नाही, कुणी कटकारस्थान केलं नाही. दार भरलेलं होतं, इतकंच.

(दादा, बोटवाला तुझ्यापेक्षा बरा खेळायचा. तूच एकदा मला सांगितलं होतंस, लोकलमध्ये.)

'मूनलाइट' हे टोपणनाव कुठून आलं यावर दोन मतं आहेत. एक, तो फार वेगवान होता म्हणून. दुसरं, खेळता खेळता डॉक्टरकी शिकत होता, दोन दोन उद्योग, म्हणून. दुसरं ऐकायला छान आहे पण मला पटत नाही. दुसरी नोकरी या अर्थाने तो इंग्रजी शब्द रुळला विसाव्या शतकाच्या मध्याला, आणि ग्रॅहमला हे नाव त्याच्या खेळण्याच्या दिवसांतच पडलेलं आहे. असो. पण दोन उद्योग होते हे मात्र खरंच. मेरिलँड विद्यापीठाची वैद्यकाची पदवी त्याने १९०५ मध्येच घेतली, म्हणजे त्या प्रसिद्ध सामन्याच्या वर्षीच. वर्तुळात बॅट घेऊन उभा असलेला तो माणूस सत्तावीस वर्षांचा होता आणि आपल्या पोटापाण्याची सोय झालेली आहे हे त्याला पक्कं ठाऊक होतं. तरी तो पुढची तीन वर्षं कोळशाच्या शहरात चेंडूमागे धावला. का? सिनेमाकडे याचं उत्तर नाही, कारण सिनेमाने ही वर्षंच कापली. माझं उत्तर साधं आहे : त्याला खेळायला आवडत होतं.

आपल्याकडेही ही खोड आहे. फेब्रुवारी १९८८, हॅरिस शील्ड, शारदाश्रमकडून तेंडुलकर आणि कांबळीची ६६४ धावांची भागीदारी. पुढच्या नंबरावर पॅड बांधून बसलेला मुलगा म्हणजे अमोल मुझुमदार. बॅटिंग आलीच नाही. त्याच मुलाने १९९४ मध्ये रणजी पदार्पणात हरियाणाविरुद्ध २६० केल्या, प्रथम श्रेणीत ११,१६७ धावा काढल्या, भारताकडून एकदाही खेळला नाही. २ नोव्हेंबर २०२५ ला नवी मुंबईत भारताच्या मुली विश्वचषक जिंकल्या तेव्हा त्यांचा प्रशिक्षक तोच होता. आणि दुसऱ्या दिवशी लोकांनी काय काढलं? पॅड बांधलेला मुलगा! अरे, मधल्या अकरा हजार धावांचं काय? पद्माकर शिवलकरांचंही तेच, ५८९ बळी, आणि लेखाचा मथळा मात्र 'कसोटी न खेळलेला'. न झालेल्या गोष्टीची गोष्ट सांगायला सोपी जाते. झालेल्या गोष्टी मोजत बसाव्या लागतात.

आता ते गाव.

चिझम हे मिनेसोटाच्या उत्तरेला, मसाबी नावाच्या लोखंडाच्या पट्ट्यात. शेजारचं गाव हिबिंग, जिथे बॉब डिलन वाढला. सप्टेंबर १९०८ मध्ये वणव्यात चिझम जवळजवळ सगळं जळलं होतं. त्यानंतर पुन्हा उभ्या राहणाऱ्या गावात ग्रॅहम पोचला, बेसबॉल संपवून, १९०९ च्या सुमाराला. पाहा, कापड, कोळसा आणि आता लोखंड. त्याचं आयुष्यच कामगारांच्या गावांतून गेलं. खाणीत स्लोव्हेनियन, क्रोएशियन, फिनिश, इटालियन अशी देशोदेशींची माणसं. मुलं शाळेत येत ती वेगवेगळ्या भाषा बोलत.

लोखंडाने एक चांगलं केलं. या पट्ट्यातल्या गावांनी खाण कंपन्यांवर कर बसवला आणि तो पैसा शाळांत ओतला. हिबिंगची शाळा आजही राजवाड्यासारखी दिसते. शाळेला स्वतःचा डॉक्टर ठेवण्याची ऐपत त्या पैशातून आली, आणि तो डॉक्टर म्हणजे ग्रॅहम. चाळीसहून जास्त वर्षं तो चिझमच्या शाळांचा डॉक्टर होता. मुलांचे डोळे तपासायचा आणि खाणकामगारांच्या मुलांना चष्मे फुकट द्यायचा. बायको अलिशिया शिक्षिका होती. त्यांना मूलबाळ नव्हतं. गावातल्या दोन पिढ्या मात्र त्याने स्टेथोस्कोप लावून ऐकल्या.

आणि एक गोष्ट सिनेमात मुळीच नाही. ग्रॅहम या मुलांचं ब्लडप्रेशर मोजून वर्षानुवर्षं लिहून ठेवत असे. तेव्हा ब्लडप्रेशर हा मोठ्यांचा विकार समजला जाई. पाच-सहा वर्षांच्या निरोगी मुलाचं किती असावं, वयानुसार ते कसं चढतं, याचे भरवशाचे आकडेच फारसे नव्हते. ते मिळवायचे तर एकाच जागची भरपूर मुलं, एकच तपासणारा हात आणि बरीच वर्षं लागतात. शाळेच्या डॉक्टरकडे नेमकं तेच होतं. मेयो क्लिनिकच्या दोघांबरोबर त्याने केलेला पाच ते सोळा वर्षांच्या मुलांच्या ब्लडप्रेशरवरचा लेख १९४५ मध्ये अमेरिकेतल्या बालरोगांच्या नियतकालिकात आला, आणि पुढे कित्येक वर्षं इतर संशोधक त्याचा हवाला देत राहिले. माझ्या नातवाच्या दंडाला छोटा पट्टा बांधून डॉक्टर आकडा वाचतात तेव्हा मला आता स्क्रँटनचा राइट फिल्डर आठवतो. माझी बायको म्हणते, तुला काहीही आठवतं.

आणखी एक धागा, जो मला अचानक सापडला आणि ज्यासाठी मी रात्री दोनपर्यंत जागलो. ग्रॅहमचा धाकटा भाऊ फ्रँक पोर्टर ग्रॅहम. नाव ओळखीचं वाटतंय? नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठाचा अध्यक्ष, नंतर सिनेटर, १९५० मध्ये निवडणूक हरला आणि १९५१ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी त्याला पाठवलं काश्मीर प्रश्नावर, भारत आणि पाकिस्तानच्या मध्ये. काश्मीरवरच्या पुस्तकात जे 'डॉ. ग्रॅहम' आणि त्यांचे अहवाल येतात ते हेच. युद्धबंदी रेषेच्या पाकिस्तानकडच्या बाजूला तीन ते सहा हजार सैन्य राहावं, भारताच्या बाजूला बारा ते अठरा हजार, असे आकडे त्यांनी मांडले, सुरक्षा परिषदेच्या डिसेंबर १९५२ च्या ठरावात तेच आले, आणि गाडी तिथेच रुतली. १९५८ मध्ये पुन्हा एक अहवाल, तोही कागदावर. त्याच वर्षांत थोरला भाऊ चिझममध्ये मुलांचे डोळे तपासत होता. फ्रँक १९७२ मध्ये वारला. सिनेमाने थोरल्याला दिलेलं मृत्यूचं साल धाकट्याचं निघावं हा निव्वळ योगायोग, पण मी बराच वेळ त्या आकड्याकडे बघत बसलो. दोन भावांच्या गोष्टी अशा एकमेकांत मिसळतात खऱ्या.

चिझममध्ये आम्ही दोन तासच होतो. मध्ये एक तळं, रुंद रस्ता, खाणींचं संग्रहालय. सिनेमात दाखवलेलं चिझम हे चिझम नाहीच, ते चित्रण इलिनॉयमधल्या गलीनाला झालं. खरं गाव जास्त साधं आहे. लेक म्हणाली, "बाबा, फोटो काढू?" कशाचा काढायचा, ते आम्हा दोघांनाही कळेना.

हा लेख टाकण्याआधी दादाला वाचायला पाठवला. घरातली गोष्ट चव्हाट्यावर मांडायची तर विचारायला हवं. दोन दिवस उत्तर नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी सातला फोन. मला वाटलं, आता ऐकायला लागणार.

"त्या स्क्रँटनमध्ये त्याने होम रन किती मारले?" दादा म्हणाला.

मी म्हटलं, बघून सांगतो.

"बघ. आणि लिहिणारच असशील तर नीट लिही. ८१ सालचा सप्टेंबर, क्रॉस मैदान. अडतीस. शेवटच्या जोडीला घेऊन काढले. विकेटवर शेवाळं होतं अक्षरशः, आणि त्यांचा तो डावरा बोलर... तू होतास ना तेव्हा?"

होतो, म्हटलं. किट माझ्याकडेच होती.

"मग छत्तीस का सांगत होतास परवा पोरांना? अडतीस."